धुतलेली चहादाणी

१

पेल्यात नुसतं पाणी आलं.

ओतलंही नुसतं पाणीच होतं, पण फांगकाकूंच्या घरी तसं होत नाही. त्यांची ती तळहातात मावणारी काळपट-तांबडी मातीची चहादाणी. तिच्यात चाळीस वर्षं तोंगतिंग डोंगरावरचा भाजका चहा झाला, दुसरा कुठला नाही, आणि साबण तर तिला जन्मात लागलेला नाही. माती चहा पीत गेली. पाहुण्यांना चहा दुसऱ्या भांड्यातून मिळतो; त्यांचं सगळं पिऊन झालं की काकू शेवटी पत्तीचा कणही न घालता तिच्यात उकळतं पाणी ओततात आणि पेल्यात चहा येतो. फिका, पण चहाच. ताइचुंग शहरातून चार पाहुणे गाडीत घालून इथे तैवानच्या मधोमध, लुगूच्या डोंगरात आणायचे, पत्ती खुडायला लावायची, जेवू घालायचं, चहा पाजायचा आणि संध्याकाळी परत सोडायचं, हा माझा धंदा. मला आशंग म्हणतात. तो खेळ बघून मी कंटाळलोय, पण पाहुणे दर वेळी आ वासतात.

त्या दिवशी काकूंनी पेला नाकाशी नेला आणि त्यांचे ओठ आवळले गेले. पुन्हा पाणी ओतलं. पुन्हा पाणीच. मग त्यांचा हात चहाच्या तबकामागे गेला आणि काहीतरी ओलं हाताला लागलं. भांडी घासायचा हिरवा स्पंज. लिंबाच्या साबणाचा वास पार माझ्यापर्यंत आला.

"वानछी," काकूंनी हाक मारली. ओरडल्या नाहीत, आणि त्याचीच भीती वाटली.

सून स्वयंपाकघरातून हात पुसत आली. तीन वर्षांपूर्वी काओश्युंगहून लग्न होऊन आलेली, आधी नर्स होती.

"तुला धुतल्याशिवाय अन्न गोड लागत नाही ना? माणसं धुवायचीस, ते सोडून माझ्या घरात आलीस आणि आता ही धुतलीस?"

"मी तिला हात लावलेला नाही, आई."

"मग स्पंज चालत आला?"

मुलगा शिनहोंग धावत आला. चहादाणी उचलून त्याने नाक आत खुपसलं आणि मान खाली घातली. मीही वास घेतला. काही नाही. चौघा पाहुण्यांतले सुनसाहेब, सकाळपासून नाकाने कांदे सोलत असलेले गृहस्थ, त्यांनीही वास घेतला आणि म्हणाले, "अक्षम्य." गडबड ऐकून आफाकाका भट्टीवरून आले. हे काकूंचे धाकटे दीर. कोळशाच्या भट्टीवर चहा भाजतात, त्यामुळे कोपरापर्यंत राखेने पांढरे. ते उंबऱ्यावरच थांबले.

"मेली ती," ते दारातूनच म्हणाले. "आता नाही उठायची. तरी मी सांगत होतो वहिनी, शहरातल्या पोरीच्या हाती देऊ नका."

काकू उठल्या, आत गेल्या आणि सुनेची बॅग घेऊन आल्या. ती त्यांनी अंगणात भिरकावली. चेन तुटली, कपडे खडीवर पसरले.

"आशंग, पाहुण्यांना नेशील तेव्हा हिलाही ने. काओश्युंगच्या गाडीत बसवून दे. पुन्हा या दारात दिसायला नको."

शिनहोंग जमिनीकडे बघत राहिला. असा नवरा असण्यापेक्षा दाराला कुत्रा बरा, निदान भुंकतो तरी. वानछी रडली नाही. दात आवळून बॅगेकडे बघत उभी राहिली.

तेवढ्यात पाहुण्यांपैकी कोपऱ्यात बसलेल्या बाईंनी तो पेला उचलला आणि त्यातलं पाणी सावकाश पिऊन टाकलं.

"फार चांगलं पाणी आहे," त्या म्हणाल्या. "म्हणजे कुणीतरी तुम्हाला फसवलंय. गाडी हलवू नकोस, आशंग."

२

या तेंगबाई. तैनानच्या पोलिसांत तपासाच्या कामावर केस पांढरे करून निवृत्त झालेल्या. भाचीने वाढदिवसाला ही चहाची सहल भेट दिली होती आणि सकाळपासून त्या भाचीच्या नावाने बोटं मोडत होत्या, कारण पोटातल्या जखमेमुळे बाई गेली कित्येक वर्षं कोमट पाण्याशिवाय काही पीत नाहीत. चहाच्या गावात येऊन पाणी पिणारी बाई. काकूंनी सकाळीच त्यांना 'माझ्या घरात येऊन उपास करता होय' असं सुनावलं होतं.

"तुम्ही पाहुण्या आहात," काकू आता म्हणाल्या. "घरच्या भांडणात नाक खुपसू नका."

"भांडण घरचं असतं तर पाहुण्यांसमोर केलं नसतंत. खाली बसा. ही चहादाणी शेवटची खरी कधी होती?"

काकूंना असं कुणी बोलत नाही. त्या बसल्या.

"पहाटे. रोज पहिला पेला मी आमच्या ह्यांच्या फोटोपुढे ठेवते. तेव्हा चांगली होती. वास आला होता."

"त्यानंतर?"

त्यानंतर सगळे मळ्यात होतो. काकू पाहुण्यांना पत्ती कशी खुडायची ते शिकवत होत्या, म्हणजे खरं तर चुकीची खुडली म्हणून झापत होत्या. शिनहोंग टोपल्या धरून बरोबर होता, मीही होतो. शिन्चूहून आलेलं एक नवं जोडपं होतं, ते सकाळपासून एकमेकांशी भांडत होतं आणि जगात दुसरं कुणी आहे हे त्यांच्या गावीही नव्हतं. सुनसाहेब मात्र गुडघा दुखतो म्हणून गाडीत जाऊन झोपले होते. आफाकाका भट्टीवर. वानछी मागच्या स्वयंपाकघरात, बांबूचे कोंब चिरत, एकटी. पुढची ही बैठकीची खोली सताड उघडी होती.

"स्पंज कुठला?" तेंगबाईंनी वानछीला विचारलं.

"माझ्याच मोरीवरचा. खिडकीत वाळत ठेवते. बाहेरून कुणालाही हात घालता येतो."

"आणि तू धुवायची असतीस तर?"

"तर स्पंज जागेवर ठेवला असता. मी नर्स होते, बाई. काम झाल्यावर सामान रुग्णाच्या अंगावर टाकून जात नाही आम्ही."

"बघा, कशी उत्तरं देते," काकू म्हणाल्या.

"बरी देते. आता यांच्या दुकानातली एक साधी मातीची चहादाणी आण, आशंग. नवीकोरी. आणि तो स्पंजही दे इकडे."

३

बाईंनी त्या नव्या चहादाणीत स्पंज घालून चांगला फेस काढला. काकूंनी तोंड फिरवलं. बकरा कापताना काही लोक फिरवतात तसं. मग बाईंनी ती नळाखाली खळखळून धुतली, पुन्हा धुतली, आणखी एकदा धुतली. आत उकळतं पाणी ओतलं आणि पेला काकूंच्या नाकाखाली धरला.

"लिंबू," काकू म्हणाल्या.

"माती चहा पिते तशी साबणही पिते. धुवून जात नाही. मी रोज नुसतं पाणी पिते, काकू, मला पाण्याची चव कळते. तुमच्या पेल्यातल्या पाण्यात लिंबू नव्हतं, साबण नव्हता. थोडी कच्ची माती होती, बस."

बाहेर वानछीचा एक मोजा खडीवरून वाऱ्याने सरकत होता.

"चाळीस वर्षांचा वास घासून काढायला किती साबण लागला असता? आणि तो एवढासुद्धा मागे राहिला नाही? तुमची चहादाणी कुणी धुतलेली नाही. ही तुमची चहादाणीच नाही."

काकूंनी ती उचलली. दोन्ही डोळ्यांत मोतीबिंदू आहे त्यांच्या, ऑपरेशनला तयार होत नाहीत. डोळ्यांवर कधी त्यांचा भरवसा नव्हताच. आता त्यांनी अंगठा कडेवरून, चोचीवरून, मुठीखालून फिरवला. पुन्हा फिरवला.

"पण घडण तीच आहे," त्या पुटपुटल्या. "हात त्याच कुंभाराचा आहे. आमच्या ह्यांनी जोडी घेतली होती, एक स्वतःला, एक भावाला. दुसरी मोठ्या भूकंपात गेली. सगळं घर बसलं होतं तेव्हा."

"फुटलेली कुणी पाहिली?"

आफाकाका दारातून म्हणाले, "घराखाली माणसं शोधत होतो आम्ही. चहादाणीचे तुकडे कोण गोळा करतंय?"

तेवढ्यात माझी नजर सुनसाहेबांवर गेली. ते हळूच आपली पिशवी पायाने बाकाखाली ढकलत होते.

४

मी पिशवी ओढून काढली. मला तो माणूस सकाळपासून डोळ्यासमोर नको झाला होता. गाडीत बसल्यापासून 'आमच्या ताइपेत', 'माझ्या संग्रहात', आणि इथे पोचल्यावर पाणी पिण्याआधी काकूंना विचारलं, 'ही विकता का?' काकूंनी तेव्हा 'माझी किडनी घ्या' असं सांगितलं होतं.

पिशवीत मातीचं काहीतरी फडक्यात गुंडाळलेलं होतं. उघडलं तर दुकानातलं छोटं कासव. चहाच्या तबकावर शोभेला ठेवतात ते. पैसे न देता उचललेलं.

"चोर," काकू म्हणाल्या.

"भुरटा," तेंगबाईंनी दुरुस्ती केली. "चोर वेगळा. सुनसाहेब, पोलिसांत जायचं नसेल तर एक काम करा. ही खोटी चहादाणी घ्या, हा स्पंज घ्या, आणि आतून साबणाने घासा. साबणाचा वास हिला किती लागतो ते बघायचंय."

"आत्ता घासतो," सुनसाहेब म्हणाले. सुटका होतेय म्हटल्यावर माणूस रस्ताही घासेल. त्यांनी स्पंज चेपला आणि फेसाचा गोळा चहादाणीच्या तोंडाशी नेला.

"अरे!" काकू, शिनहोंग आणि आफाकाका, तिघं एकदम. शिनहोंगने तर उडी मारून साहेबांचं मनगट धरलं.

मग तिघंही ओशाळले. खोटी होती ना ती.

"धन्यवाद," तेंगबाई म्हणाल्या. "मला एवढंच बघायचं होतं." त्यांनी चहादाणी परत घेतली आणि झाकण बसतं त्या कडेच्या खाचेतून करंगळी फिरवली. करंगळी आमच्यासमोर धरली.

तिच्यावर पिठासारखी मऊ, पांढरी राख होती.

५

"चहाबद्दल मला काही कळत नाही," तेंगबाई बोलायला लागल्या. "माणसांबद्दल थोडं कळतं. ज्याने हे केलं त्याची युक्ती चांगली होती. चोरी झाली असं दिसलं की लोक शोधतात. मेलेलं कुणी शोधत नाही. म्हणून जुळी चहादाणी ठेवायची, शेजारी साबणाचा स्पंज टाकायचा, आणि नर्स असलेल्या सुनेच्या गळ्यात ते घालायचं. काकू रडतील, सून जाईल, आणि खरी कुठे गेली हे कुणी विचारणारही नाही. फक्त एक काम राहिलं. साबणाचा एक थेंब आत सोडायचा. तेवढं केलं असतं तर मी पाणी पिऊन गप्प बसले असते.

"ते का नाही केलं? विसरला म्हणाल, तर स्पंज आणायला तो विसरला नाही. त्याचा हातच गेला नाही. खोटी असली तरी मातीची चहादाणी आहे, आणि आत साबण घालायला जन्मभर शिकलेला हात तयार होईना. सुनसाहेबांचा हात कसा सरळ गेला, पाहिलंत. म्हणजे हा चहाच्या घरातला माणूस. जित्याची खोड मेल्याशिवाय जात नाही. अशी माणसं इथे तीन. काकू आणि त्यांचा मुलगा सकाळभर माझ्या डोळ्यांसमोर मळ्यात होते."

कुणी आफाकाकांकडे बघितलं नाही. सगळे करंगळीकडे बघत होते.

"भट्टीचा कोळसा कशाने झाकतात, आशंग?"

"भाताच्या तुसाच्या राखेने," मी म्हणालो. "पण बाई, त्यांच्या हाताची राख लागली असेल, ते आत्ता इथंच..."

"ते उंबऱ्याच्या आत आलेच नाहीत. तीच तर गंमत आहे. बोंब झाल्यावर प्रत्येकाने येऊन चहादाणीत नाक घातलं. मुलाने, तू, या भुरट्यानेसुद्धा. चाळीस वर्षं त्या चहादाणीचा चहा भाजणारा माणूस मात्र दारातून नुसतं बघून म्हणाला, मेली ती. जवळ जाऊन वास घ्यावा असं त्यांना वाटलं नाही, कारण काय वास येणार ते त्यांना माहीत होतं."

आफाकाकांनी हात अंगाला पुसले. राख हातावरून सदऱ्यावर गेली, एवढंच.

"फुटली असं तुम्हीच धरून चाललात," ते काकूंना म्हणाले. "मी कधी म्हटलं नव्हतं. माझी होती ती. आत कधी चहा केला नाही, कारण रोज संध्याकाळी मी दादाकडेच प्यायचो. तो गेला आणि तुम्ही दार लावून घ्यायला लागलात. भाजलेला चहा घ्यायला दार उघडायचात, पाजायला नाही. मी काही बोललो नाही. आणि नव्या वर्षाला सगळ्यांसमोर सांगितलंत, चहादाणी सुनेला देणार. जिला चहा गाळायचा का उकळायचा हे तीन वर्षांपूर्वी माहीत नव्हतं, तिला."

"म्हणून तिचं घर मोडायला निघालास?"

"तिच्याबद्दल मी विचारच केला नाही, वहिनी."

"हो, ते दिसलंच," वानछी म्हणाली.

"मागायची होतीस," काकू म्हणाल्या.

"दिली असतीत?"

"नाही."

दोघांनी एकमेकांकडे असं बघितलं की मधे काचेचं भांडं असतं तर तडकलं असतं. मग काकूंचा आवाज चढला. "कुठे आहे ती? बोल. फोडलीस की विकलीस?"

आफाकाका हसले. "शोधा," म्हणाले, आणि अंगणात जाऊन आमच्याकडे पाठ करून उभे राहिले.

६

शिनहोंगला एकदाचा जोर चढला. तो भट्टीकडे पळणार होता, काकांची खोली उपसणार होता. तेंगबाईंनी त्याला थांबवलं.

"ज्याच्याने खोट्या चहादाणीतही साबण घालवेना, तो खरी कुठे ठेवेल? स्वयंपाकघरात तेल, गाडीत आशंगची सुपारी, भट्टीत धूर, कपाटात डांबराच्या गोळ्या. तिला दुसरा वास लागेल अशा जागी तो ठेवणारच नाही. तिचा स्वतःचा चहा कुठे असतो?"

भाजलेल्या चहाचे मोठे पत्र्याचे डबे मागच्या भिंतीशी असतात. दुसऱ्या डब्यात कोपरापर्यंत हात घातल्यावर शिनहोंगच्या बोटांना ती लागली. पत्तीत पुरलेली, झाकणासकट, धड.

त्याने ती आईकडे नेली नाही. देवाने बुद्धी दिली असेल, बायकोच्या हातात दिली.

वानछीने चहादाणी घेतली आणि सरळ मोरीकडे चालू लागली. स्पंज उचलला. त्यावर लिंबाचा साबण पिळला, भरपूर. नळ सोडला.

"मी धुतली ना?" ती म्हणाली. "सगळ्यांसमोर सांगितलंत मी धुतली. मग आता धुतेच."

काकू उठल्या, पण पाय पुढे टाकेनात. बाहेर आफाकाका वळून खिडकीशी आले होते. मला वाटलं कुणीतरी तिला धरावं, आणि मला असंही वाटलं की कुणी धरू नये. तिला हक्क होता.

फेस स्पंजमधून तिच्या मनगटावर उतरला आणि कोपरावरून टपकायला लागला. स्पंज चहादाणीच्या तोंडाशी होता. तिथेच राहिला. ती पुन्हा दाबून बघत होती, खांद्यापासून जोर लावल्यासारखी. मग तिने स्पंज मोरीत फेकला.

"जात नाही हात," ती रागाने म्हणाली. "तीन वर्षांत माझाही हात नासवलात तुम्ही." आणि आता मात्र रडली.

तेंगबाईंनी घसा साफ केला. "माझी एक चूक झाली. चहाच्या घरातली माणसं तीन म्हणाले होते मी. चार आहेत."

काकू बराच वेळ सुनेकडे बघत होत्या. काय दिसत होतं त्यांना त्या डोळ्यांनी, देव जाणे. मग त्यांनी तबकामागचं चहा ओतणाऱ्याचं लाकडी स्टूल हाताने पुसलं. त्या स्टुलावर नवऱ्यानंतर त्या सोडून कुणी बसलेलं मी पाहिलेलं नाही. शिनहोंगलासुद्धा नाही.

"बस," त्या म्हणाल्या. "ओत."

"आधी माझी बॅग आणा."

शिनहोंग लगबगीने दाराकडे निघाला.

"तू नाही," वानछी म्हणाली.

सुंभ जळला तरी पीळ जात नाही, असली बाई आहे ती. मी गाडी चालू करायच्या तयारीने किल्ली हातात घेतली होती. पण काकू अंगणात गेल्या. दिराच्या शेजारून गेल्या, त्याच्याकडे न बघता. गुडघे धरून वाकल्या आणि खडीवरचा एकेक कपडा चाचपून उचलला, झटकला, घडी घातली. मोजा सापडेना, तो त्यांना दिसत नव्हता. आफाकाकांनी तो पायाशी पडलेला उचलून पुढे केला. काकूंनी तो घेतला, आणि "आजपासून कडीही लावीन मी," एवढं त्याला ऐकवून आत आल्या. तुटक्या चेनची बॅग दोन्ही हातांनी पोटाशी धरून त्यांनी ती दाराशी नाही, पार आत, सुनेच्या खोलीत नेऊन ठेवली.

वानछी स्टुलावर बसली. पत्तीचा कणही न घालता तिने उकळतं पाणी ओतलं, आणि वास खोलीभर झाला. पहिला पेला तिने सासऱ्यांच्या फोटोपुढे ठेवला. दुसरा तेंगबाईंना दिला आणि त्यांनी पोटाची पर्वा न करता तो प्यायला. मग मला, नव्या जोडप्याला, आपल्या नवऱ्याला, आणि कासव परत ठेवलेल्या सुनसाहेबांनाही दिला.

काकूंचा पेला सगळ्यांत शेवटी आला. त्यांनी तो दोन्ही हातांनी घेतला.